वर्षावासातला कॅमेरा

यवतमाळ जिल्ह्यात बाहेरून कॅमेरा येतो तो बहुतेक वेळा मरण शोधत येतो. दीपा भाटिया यांचा ‘निरोज गेस्ट्स’ 2009 चा. ‘कॉटन फॉर माय श्राउड’ 2011 चा. त्याच वर्षीचा मीका पेलेड यांचा ‘बिटर सीड्स’ तर थेट या जिल्ह्यातल्या तेलंगटाकळीत मुक्काम ठोकून केलेला. कापूस, कर्ज, बियाणे आणि आत्महत्या यांवरचे हे माहितीपट प्रामाणिक आहेत. ते झाले नसते तर विदर्भाच्या वावरात काय चालले आहे हे दिल्लीला आणि जगाला इतक्या स्पष्टपणे कळले नसते. त्यांच्याविषयी तक्रार नाही. तक्रार आपल्याविषयी आहे. ज्याने हा जिल्हा फक्त पडद्यावर पाहिला असेल त्याला वाटेल, इथली माणसे फक्त मरतात. ती गातात, उपोसथ धरतात, उरुसाला जातात, देव बदलतात आणि देव बदलल्याची किंमत पिढ्यान्‌पिढ्या मोजतात, यातले त्याला काहीच दिसणार नाही.

आणि हे सगळे इथे भरभरून आहे. सोळा तालुक्यांच्या या जिल्ह्यात बौद्ध वस्ती नाही असे गाव शोधावे लागेल. आषाढ पौर्णिमा उजाडली की विहारात ग्रंथवाचन सुरू होते. दिवसभर निंदण करून आलेल्या बाया हातपाय धुऊन, पांढरे लुगडे नेसून सतरंजीवर बसतात. कुणी शिकलेली सून किंवा कॉलेजातला मुलगा ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ वाचतो. आश्विन पौर्णिमेला समारोप होतो, भोजनदान होते. तीन महिने, रोज संध्याकाळी, गावोगाव. महाराष्ट्रात सार्वजनिक वाचनाची इतकी शिस्तबद्ध, इतकी विनामोल चळवळ दुसरी कोणती आहे ते सांगावे. तिच्यावर चार चांगले माहितीपट निघाले असते तरी कमीच पडले असते.

म्हणून मागणी सरळ आहे. हे काम विदर्भातल्या भिक्खूंनी करावे. कॅमेरा त्यांनी हातात घ्यावा.

भिक्खूने चित्रपट करावा ही कल्पना जगाला नवी नाही. मॅथ्यू रिकार हा फ्रेंच तरुण पॅरिसच्या पाश्चर इन्स्टिट्यूटमध्ये पेशीजनुकशास्त्राचा अभ्यास करत होता. 1972 मध्ये पीएचडी पूर्ण झाली आणि तो हिमालयात आला, पुढे भिक्खू झाला. दिल्गो खेन्त्से रिंपोचे यांच्या सेवेत तो 1991 मध्ये त्यांचे निधन होईपर्यंत राहिला. गुरूवरचा त्याचा माहितीपट ‘द स्पिरिट ऑफ तिबेट’ 1998 मध्ये आला. बाहेरून आलेल्या दिग्दर्शकाला अशा गुरूच्या सान्निध्यात किती दिवस मिळाले असते? रिकार तर तिथेच राहत होता. गुरूंनी हात कधी उचलला, कुणाकडे पाहून हसले, थकले तेव्हा कसे बसले, हे ज्याने वर्षानुवर्षे पाहिले त्याला कॅमेरा कुठे ठेवावा हे कुणी शिकवावे लागत नाही. भूतानचे लामा खेन्त्से नोर्बू यांचे ‘द कप’ हे 1999 चे चित्र माहितीपट नव्हे, कथापट आहे. पण हिमाचलमधल्या बीर इथल्या खऱ्या मठात, खऱ्या भिक्खूंना घेऊन ते केलेले आहे. विश्वचषक फुटबॉलचे सामने पाहण्यासाठी धडपडणारे बालभिक्खू त्यात दिसतात, आणि मठ म्हणजे धुपाच्या धुरात बसलेल्या गूढ माणसांची जागा हा बाहेरच्या जगाचा समज त्या मुलांच्या दंग्याने पुसला जातो. हे आतला माणूसच करू शकतो.

कुणी म्हणेल, ही तिबेटी रीत झाली. आपल्या भिक्खूंचा मार्ग वेगळा. तर मग मागे जाऊ. पहिल्या संगीतीत, राजगृहाला, बुद्धाचा शिष्य आनंद याने बुद्धवचन सांगितले. त्याने वचन सांगितले आणि त्याआधी ते कुठे सांगितले गेले, श्रावस्तीला की वैशालीला, कुणाच्या आमराईत, समोर कोण बसले होते, हेही सांगितले. स्थळ आणि श्रोता यांच्याशिवाय सुत्त सहसा सुरूच होत नाही. आज मोबाइलवर फिरणाऱ्या हजारो ध्वनिचित्रफितींत गावाचे नाव नसते, तारीख नसते, बोलणारी म्हातारी कोण हेही कळत नाही. नोंद कशी करावी याचा आदर्श बौद्धांना शोधायला बाहेर जावे लागत नाही. तो त्यांच्या बहुतेक सुत्तांच्या पहिल्या ओळीत आहे.

सातव्या शतकात ह्युएन त्संग हा चिनी भिक्खू पुलकेशीच्या काळात महाराष्ट्रात आला. इथले संघाराम शंभरावर आणि भिक्खू सुमारे पाच हजार, हे त्याने लिहून ठेवले. देवांची देवळे शंभराच्या आसपास, हेही त्याच लेखणीने लिहिले. लोकांचा स्वभाव, त्यांचा मानीपणा, राजाचे हत्ती, सगळे टिपले. ज्या कोसल देशाचे वर्णन त्याने केले त्याची राजधानी कनिंगहॅमने चांदा-भद्रावतीच्या परिसरात शोधली. इतर अभ्यासक ती छत्तीसगडात सिरपूरला मानतात. कनिंगहॅमचे खरे असेल तर तो यवतमाळच्या अगदी शेजारून गेला. ते नसले तरी मुद्दा उरतोच: दुसऱ्यांची देवळे मोजणारा, दुसऱ्यांची श्रद्धा नीट पाहून लिहिणारा भिक्खू ही जवळपास चौदाशे वर्षांपूर्वीची, आपल्या मातीवर घडलेली गोष्ट आहे.

अलीकडच्या काळातही लेखणी धरणारे भिक्खू मराठी मुलखात होते. गोव्यातल्या साखवाळचे धर्मानंद कोसंबी श्रीलंकेत जाऊन भिक्खू झाले, पाली शिकले, पुढे चीवर सोडले तरी आयुष्यभर मराठीत बुद्ध सांगत राहिले आणि 1947 मध्ये यवतमाळला लागूनच असलेल्या वर्धा जिल्ह्यात, सेवाग्रामला त्यांनी देह ठेवला. त्यांचे ‘निवेदन’ वाचले की एका शोधाची अख्खी वाट डोळ्यांसमोर येते. भदंत आनंद कौसल्यायन यांनी जातककथा हिंदीत आणल्या, ‘द बुद्ध अँड हिज धम्म’चे हिंदी भाषांतर केले आणि अखेरची वर्षे नागपूरला घालवली. 6 डिसेंबर 1956 ला बाबासाहेब आंबेडकर गेल्याची बातमी आली तेव्हा संघरक्षित हे इंग्रज भिक्खू योगायोगाने नागपुरात होते. कस्तुरचंद पार्कवर जमलेल्या त्या हंबरडा फोडणाऱ्या गर्दीसमोर ते बोलले. त्या रात्रीची आठवण आपल्याला आज वाचायला मिळते ती त्यांनी लिहिली म्हणून. लेखणी चालत असेल तर कॅमेरा का चालू नये?

इथे एक आक्षेप येतो आणि तो हलक्यात घेण्यासारखा नाही. दहा शीलांतले सातवे शील नाच, गाणे, वादन आणि तमाशे पाहण्यापासून दूर राहायला सांगते. विनयाचे नियम सोने-चांदी, म्हणजे पैसा, हाताळायला मना करतात. मग भिक्खूने कॅमेरा घ्यावा, चित्रीकरणाचा खर्च करावा, भीमगीतांच्या कार्यक्रमात रात्रभर उभे राहावे, हे कसे बसते? काही जुने भिक्खू याला साफ नकार देतील आणि त्यांच्या नकारामागे अडीच हजार वर्षांची शिस्त आहे. मला त्या शिस्तीबद्दल आदर आहे. पण शीलाचा रोख करमणुकीत हरवून जाणाऱ्या मनावर आहे. मरणाच्या दारात बसलेल्या उपासिकेची साक्ष टिपणारा माणूस करमणुकीत हरवलेला नसतो. आणि पैशाचे म्हणाल तर वाट विनयातच आहे: वस्तू संघाची असावी, व्यवहार उपासकाने करावा. कॅमेरा कुण्या एका भन्तेंच्या मालकीचा नसावा. ते दुसऱ्या गावी गेले तरी तो विहारात राहावा.

खरे तर ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथाच्या प्रस्तावनेतच बाबासाहेबांनी हा प्रश्न मुळापासून विचारला आहे. बुद्धाने भिक्खू का निर्माण केला? परिपूर्ण माणूस घडवायला, की लोकांची सेवा करणारा, त्यांचा मित्र आणि मार्गदर्शक होणारा माणूस घडवायला? तो केवळ परिपूर्ण माणूस असेल तर स्वतःपुरताच उरतो. समाजसेवक असेल तर धम्माची आशा त्याच्यावर आहे, असा त्यांचा रोख. हीच प्रस्तावना वर्षावासात गावोगावी वाचली जाते. ऐकणाऱ्यांनी आपल्या विहारातल्या भन्तेंना हा प्रश्न नम्रपणे विचारायला काय हरकत आहे?

आज भिक्खू कॅमेऱ्यासमोर नाहीत असे नाही. धम्मदेसना यूट्यूबवर जातात, नागपूरहून चालणाऱ्या बौद्ध वाहिन्यांवर प्रवचने होतात. ती व्हावीत. पण त्यांत बोलतो भिक्खू आणि ऐकतात लोक. आता काही काळ लोकांनी बोलावे, भिक्खूने ऐकावे.

घाई कशाची, हे वयाच्या हिशेबाने कळते. 14 ऑक्टोबर 1956 ला दीक्षाभूमीवर जे अठरा-वीस वर्षांचे होते ते आज पंच्याऐंशीच्या पुढे आहेत. पायी, बंडीने, मिळेल त्या गाडीने माणसे नागपूरला गेली, काही जण 16 तारखेला चंद्रपूरला गेले. भाकरी बांधून नेल्या, पांढरे कपडे उसनवार मिळवले. परत आल्यावर देवघरातल्या देवांचे काय केले? नदीत सोडले की शेजाऱ्याला दिले? घरातली सासू तयार झाली की रडली? नव्या पद्धतीचे पहिले लग्न गावात कुणी लावले, आणि ते लावायला कोण तयार होते? मेलेले ढोर ओढायला नकार दिल्यावर किती दिवस पिठाची गिरणी बंद राहिली, कुणी पाण्याला मज्जाव केला, कुणी मात्र रात्री गुपचूप जोंधळे आणून दिले? या प्रश्नांची उत्तरे कोणत्याही सरकारी दप्तरात नाहीत. ती अर्धवट दिसणाऱ्या डोळ्यांच्या, कमी ऐकू येणाऱ्या माणसांकडे आहेत आणि दर वर्षी ती माणसे कमी होत आहेत. 2011 च्या जनगणनेत देशातले 84 लाख बौद्ध मोजले गेले, त्यांतले 65 लाखांहून जास्त महाराष्ट्रातले. एवढ्या मोठ्या समाजाचे धर्मांतर इतक्या जवळच्या काळात झाले, साक्षीदार हयात आहेत आणि त्यांच्या साक्षी नोंदवायला आपल्याला सवड नाही. याचे दुःख शब्दांत मांडता येत नाही.

हे काम पूर्वी एका माणसाने एका दिवसापुरते करून दाखवले. नामदेव व्हटकर. 7 डिसेंबर 1956 ला मुंबईत बाबासाहेबांची अंत्ययात्रा निघणार होती. तिचे चित्रीकरण व्हायलाच हवे असे व्हटकरांना वाटले. पैसे नव्हते. त्यांनी स्वतःचा छापखाना गहाण टाकला, रिळे घेतली, कॅमेरामन उभा केला. ‘राजगृह’ या त्यांच्या घरापासून दादरच्या चौपाटीपर्यंत लोटलेला तो जनसागर आज आपल्या डोळ्यांसमोर हलताना दिसतो तो त्या एका माणसाच्या हट्टामुळे. त्या रिळांत आवाज नाही. ती लाखो माणसे काय म्हणत होती, कशी रडत होती, कुठून आली होती, हे पडद्यावरून कळत नाही. व्हटकरांनी आपल्याला चेहरे दिले. आवाज मिळवणे आपल्या हातात होते, अजूनही थोडे आहे.

पुढे आनंद पटवर्धन यांनी ‘जय भीम कॉम्रेड’साठी चौदा वर्षे दिली. 1997 च्या रमाबाईनगर गोळीबारापासून सुरू झालेला तो शोध गाण्यांच्या वाटेने गेला. सोमनाथ वाघमारे यांनी ‘चैत्यभूमी’ केला. आतल्या माणसाने आपल्याच लोकांकडे पाहिले की चित्र किती वेगळे होते ते त्यात दिसते. गी पोइतवाँ आणि हेमा राईरकर यांनी जात्यावरच्या लाखाच्या वर ओव्या गोळा केल्या, त्यांत माजलगावच्या भीमनगरातल्या बायांनी बाबासाहेबांवर रचलेल्या ओव्याही आहेत. हे सगळे मोठे काम आहे. पण त्याचे वजन मुंबई-पुणे-मराठवाडा या पट्ट्यात जास्त पडले आहे. घाटंजी, झरी-जामणी, महागाव, उमरखेड या तालुक्यांतल्या बाया काय गात होत्या? नुसता प्रश्न विचारला तरी जाणवते की उत्तर द्यायला आता फारशी माणसे उरलेली नाहीत.

भिक्खूच का, असा प्रश्न राहतो. पत्रकार का नको, विद्यापीठाचा संशोधक का नको? ते हवेतच. पण वर्षावास ही एक अशी व्यवस्था आहे की जिची सोय दुसऱ्या कुणाकडे नाही. पावसाळ्यात भिक्खू हिंडतात, हिरवी रोपे तुडवतात, लहान जीव मारतात अशी लोकांनी तक्रार केली तेव्हा बुद्धाने त्यांना तीन महिने एका जागी राहायला सांगितले. सबळ कारण असेल तरच आणि सात दिवसांपुरतेच बाहेर जायचे. शेतकऱ्याच्या पिकाची काळजी घेणारा हा नियम कापसाच्या जिल्ह्यात किती जवळचा वाटतो! आणि माहितीपट करणाऱ्याला जे सर्वांत महाग पडते, म्हणजे एका गावात दीर्घकाळ राहणे, तेच या नियमाने भिक्खूला मिळते. वाहिनीचा माणूस दुपारी येतो, चार वाक्ये घेतो, जातो. म्हातारी त्याला ठरीव उत्तर देते, कारण त्याला तेवढेच हवे आहे हे तिला कळते. भन्ते तिच्या घरी रोज भोजनदानाला किंवा परित्राणपाठाला येतात. विसाव्या दिवशी ती त्यांना जे सांगेल ते पहिल्या दिवशी कुणालाच सांगणार नाही. गावातल्या बाया भिक्खूसमोर नवऱ्याच्या दारूचे दुःख सांगतात, मुलाच्या कर्जाचे सांगतात. हा विश्वास कोणत्याही संस्थेच्या ओळखपत्राने मिळत नाही.

याच विश्वासातून जबाबदारी येते आणि तिथे मला भीतीही वाटते. भिक्खूला सांगितलेले सगळे सगळ्यांसाठी नसते. जातीच्या अपमानाची एखादी गोष्ट सांगणाऱ्या बाईला ती आपल्या नातवाने पाहावी असे वाटेल. दुसरीला ती आपण गेल्यानंतरच कुणी पाहावी असे वाटेल. तिसरी म्हणेल, तुम्ही ऐकलेत तेवढे पुरे. तिन्ही इच्छा पाळल्या पाहिजेत. आधी विचारले पाहिजे, चित्रीकरण झाल्यावर दाखवले पाहिजे, नको म्हणाली तर पुसले पाहिजे. ज्यांच्याकडून आयुष्यभर न विचारता सगळे घेतले गेले, त्यांच्याकडून त्यांची गोष्टही न विचारता घेतली तर त्या कॅमेऱ्याला चीवराचा रंग असून काय उपयोग?

आता अवघड भाग. आध्यात्मिक परंपरा म्हटल्या की यवतमाळात फक्त विहार नाहीत. कळंबला चिंतामणी आहे. आर्णीला बाबा कंबलपोष यांचा उरूस भरतो आणि तिथे मुसलमानांइतकेच हिंदू लोटतात. दारव्हा तालुक्यात धामणगाव देव इथे मुंगसाजी महाराजांचे स्थान आहे. जिल्ह्याची शीव ओलांडली की वाशीम जिल्ह्यातले बंजारा समाजाचे पोहरादेवी, पैनगंगेपलीकडे माहूर. केळापूर, झरी, मारेगाव, घाटंजी, राळेगाव भागांत कोलामांची पोडे, म्हणजे वस्त्या, आहेत. त्यांची कोलामी ही द्रविड कुळातली भाषा, तिला स्वतःची लिपी नाही. गोंडांच्या वंशावळी आणि देवकथा किंगरीवर गाणारे परधान आहेत. दीक्षेच्या वेळी देव न मानण्यासह बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या समाजाच्या भिक्खूने यांपैकी कशावर माहितीपट करावा का?

करावा, असे माझे स्पष्ट मत आहे, आणि प्रतिज्ञांना बाध न आणता करता येतो असेही. देव न मानणे आणि देव मानणाऱ्या माणसाला समजून घेणे यांत विरोध नाही. ह्युएन त्संगाला देवळे मोजताना अडचण आली नाही. पण एक अट घालावी लागेल. आमच्याकडे काही भिक्खू आणि काही सुशिक्षित कार्यकर्ते पोडावरच्या पूजेकडे पाहतात ते फक्त ‘अंधश्रद्धा’ हा शिक्का हातात घेऊन. शिक्का मारायची घाई असलेल्या माणसाने कॅमेरा धरू नये. कोलाम बाई कोणत्या झाडाला का हात जोडते, कापणीआधी कुणाला काय अर्पण करते, कोणते मूल गेल्यावर कोणता नवस बंद केला, हे आधी ऐकावे. दीक्षा घेण्याआधी आपल्याही आज्या असेच हात जोडत होत्या. त्यांना तेव्हा कुणी ऐकले नाही.

पैनगंगेच्या पलीकडे, तेव्हाच्या निजाम राज्यातल्या आदिलाबादेत, 1940 च्या दशकात क्रिस्टॉफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ हे ऑस्ट्रियन अभ्यासक मारलवाई या गावी राहिले. गोंड, परधान, कोलाम यांच्याबद्दल त्यांनी विपुल लिहिले. ‘द राज गोंड्स ऑफ आदिलाबाद’ 1948 मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांची छायाचित्रे आणि टिपणे लंडनच्या ‘सोआस’ या संस्थेत जपलेली आहेत. हायमेनडॉर्फ यांचे मोल मोठे आहे. त्यांच्या पत्नी बेटी यांची समाधी मारलवाईलाच आहे, इतके ते दोघे त्या गावाचे झाले. तरीही नदीच्या अलीकडच्या पोडातल्या कोलाम पोराला आपल्या पणजोबांसारखा चेहरा पाहायचा असेल तर तो लंडनला कसा जाणार? म्हणून नोंद करणे हे अर्धेच काम. ती जिथून घेतली त्या गावी परत नेणे हे उरलेले अर्धे. भिक्खूने पोडावर चित्रीकरण केले तर ते पहिल्यांदा पोडाच्या चावडीवर, पांढरी चादर लावून, पोडातल्याच लोकांना दाखवावे. नागपूरच्या महोत्सवात नंतर.

‘बिटर सीड्स’मध्ये गावातलीच एक तरुण मुलगी बातमीदार व्हायला धडपडते. तिच्या स्वतःच्या वडिलांनी आत्महत्या केलेली आहे. बाहेरचा दिग्दर्शक गावात येतो तेव्हा गावात आधीच कुणीतरी प्रश्न विचारायला निघालेले असते, हे मला त्या माहितीपटातले सर्वांत महत्त्वाचे दृश्य वाटते. 2019 मध्ये यवतमाळच्या साहित्य संमेलनाच्या उद्घाटनाला शेतकऱ्याची विधवा वैशाली येडे उभ्या राहिल्या आणि स्वतःच्या शब्दांत बोलल्या. त्या दिवशी व्यासपीठावरच्या भल्याभल्यांपेक्षा त्यांचे बोलणे लोकांच्या लक्षात राहिले. या जिल्ह्याला बोलता येते. भिक्खूने एकट्याने सगळे करायचे नाही. गावातली दोन-तीन मुले-मुली त्याच्यासोबत असावीत. एकीने माईक धरावा, एकाने नावे लिहावीत, एकाने वऱ्हाडीतले, कोलामीतले, बंजारा बोलीतले शब्द नोंदवावेत. तीन वर्षावास झाले की त्या पोरांना हे काम भिक्खूपेक्षा चांगले येईल आणि ते तसेच व्हायला हवे.

साधने फार लागत नाहीत. आजच्या साध्या मोबाइलचे चित्र पुरेसे चांगले येते. कमी पडतो तो आवाज. पावसाळ्यात टिनाच्या छपराखाली बसून घेतलेली मुलाखत ऐकूच येत नाही. थेंबांचा कडकडाट सगळे गिळतो. म्हणून विहाराच्या सभागृहापेक्षा जुन्या मातीच्या भिंतींचे, कौलाचे घर बरे, आणि कॉलरला लावायचा माईक आवश्यकच. प्रत्येक चित्रफितीच्या सुरुवातीला बोलणाऱ्याचे नाव, गाव, तालुका, तारीख आणि हजर असलेल्यांची नावे तोंडी सांगावीत, आनंदाची रीत. एक प्रत विहारात, एक अमरावती विद्यापीठाच्या ग्रंथालयात, एक नागपुरात. मोबाइल हरवतो, मेमरी कार्ड खराब होते, भन्ते दुसऱ्या गावी जातात; तीन ठिकाणी प्रत असेल तरच पंचवीस वर्षांनी काही हाती लागेल. आणि कापून, संगीत घालून, गोड केलेल्या दहा मिनिटांच्या चित्रफितीसाठी मूळ तीन तासांची साक्ष पुसून टाकू नये. माहितीपट नंतर कुणीही करील. मूळ साक्ष पुन्हा मिळणार नाही.

दात्यांनाही एक विनंती. गेल्या काही वर्षांत गावोगाव बुद्धमूर्ती आल्या, विहारांना फरशा लागल्या, कमानी उभ्या राहिल्या, कमानीवर दात्याचे नाव कोरले गेले. श्रद्धेने दिलेल्या दानाला मी नावे ठेवणार नाही. पण एका कमानीच्या खर्चात एका तालुक्यातल्या सगळ्या दीक्षार्थी म्हाताऱ्यांच्या साक्षी नोंदवून होतील. नाव कोरायचेच असेल तर त्या चित्रफितींच्या शेवटी दात्याचे नाव द्यावे. माझी हरकत नाही.

आश्विन पौर्णिमेनंतरच्या महिन्यात कठिन चीवरदान होते. त्या दिवशी उपासक संघाला चीवर देतात, सोबत भांडी, औषधे, छत्र्या देतात. या वर्षीच्या त्या यादीत दोन हार्डडिस्क, एक माईक आणि नोंदींसाठी एक जाड वही असू द्यावी. वहीचे पहिले पान मात्र त्याआधीच, आषाढातच भरावे: गावातली सर्वांत वयस्कर उपासिका कोण, तिला ऐकू किती येते, सकाळी बोलू शकते की संध्याकाळी, आणि भन्ते तिच्याकडे कोणत्या दिवशी येणार.